सात काडेपेट्या आणि एक परमाणू

विज्ञानवादाचा तास घ्यायचा तर सात रिकाम्या काडेपेट्या, तीन पातेली आणि एक कंदील एवढं सामान लागतं. आपल्या शाळेत संस्कृतच्या सरांनी नववी-दहावीच्या मुलांसाठी हा तास अभ्यासक्रमाबाहेर चालवला. सुवर्णमहोत्सवी अंकात शाळेविषयी लिहायचं तर तो कसा घ्यायचा, हेच लिहून ठेवावंसं वाटतं. कुणा नव्या शिक्षकाला तो पुन्हा घेता यावा, एवढीच इच्छा.

पहिला घोळ नावापासूनच होतो. फळ्यावर ‘विज्ञानवाद’ लिहिलं की वर्गाला वाटतं, प्रयोगशाळेतलं काही निघणार. इथे विज्ञान म्हणजे जाणीव. जे दिसतं, ऐकू येतं, हाताला लागतं ते जाणिवेचंच रूप आहे, तिच्याबाहेर निराळा पदार्थ मानायचं कारण नाही, असा वसुबंधूचा दावा. हा चौथ्या-पाचव्या शतकाच्या सुमाराचा, गांधारातल्या पेशावरचा बौद्ध आचार्य. त्याच्या ‘विंशतिका’ या ग्रंथाचं संस्कृत मूळ नेपाळातल्या हस्तलिखितावरून फ्रेंच अभ्यासक सिल्व्हाँ लेव्ही यांनी 1925 मध्ये छापलं. नावात वीस असले तरी त्यात 22 कारिका, म्हणजे श्लोक, मिळतात. अजिंठ्याची 16 आणि 17 क्रमांकाची लेणी पाचव्या शतकातलीच, वाकाटक हरिषेणाच्या काळची. त्यामुळे सहलीहून आलेली मुलं दोन्हींचा थेट संबंध जोडतात. तसा जोडू देऊ नये. काळ जवळचा आहे, एवढंच सांगावं.

तासाची सुरुवात पातेल्यांनी करावी. एकात माठातलं गार पाणी, दुसऱ्यात अंगाला सोसेल इतकं गरम, तिसऱ्यात दोन्ही निम्मं निम्मं. एक हात गारात, एक गरमात, पूर्ण एक मिनिट. मग दोन्ही हात तिसऱ्यात. तेच पाणी एका हाताला गरम लागतं, दुसऱ्याला गार. मिनिटभर थांबलं नाही तर फरक कळत नाही, आणि मे महिन्यात आपल्याकडे माठातलंही पाणी पुरेसं गार नसतं, तेव्हा हा प्रयोग थंडीतच ठेवावा. जॉर्ज बर्कली या आयरिश तत्त्वज्ञाने 1713 च्या आपल्या संवादांत हेच उदाहरण दिलं आहे. मात्र यातून ऊनपणा-गारपणा हाताच्या अवस्थेवर ठरतो, एवढंच निघतं. पाणीच नाही, असं निघत नाही. हे वाक्य शिक्षकाने मोठ्याने म्हणावं, कारण अर्धा वर्ग तोवर पुढची उडी मारून बसलेला असतो.

त्यानंतर फळ्याचे चार रकाने करावेत. वसुबंधू स्वतःवरचे आक्षेप दुसऱ्याच कारिकेत मांडतो, आणि मला त्याची ही रीत फार मोलाची वाटते. बाहेर काही नसेल तर नाथसागर पैठणलाच का दिसतो, औशाला का नाही? कापूस फुटलेला दसऱ्याच्या सुमारास दिसतो, चैत्रात का दिसत नाही? दिंडी चालली असता रस्त्यावरच्या सगळ्यांना तीच दिंडी कशी दिसते? आणि स्वप्नातल्या भाकरीने पोट का भरत नाही? (उदाहरणं आपल्या गावची, आक्षेप त्याचे: देश, काळ, अनेकांना एकच दिसणं, आणि वस्तूने आपलं काम करणं.)

त्याची उत्तरंही त्याच रकान्यांत लिहावीत. स्वप्नातही गाव ठरावीक जागी आणि ठरावीक वेळीच दिसतं. सारखं कर्म पिकलेल्या, प्रेतयोनीत जन्मलेल्या सगळ्या भुकेल्या जीवांना पुवाची नदी एकदमच दिसते. स्वप्नाचा परिणाम तर खऱ्या देहावर होतो. ग्रंथातलं याचं उदाहरण शाळेत सांगण्याजोगं नाही, तिथे भीतीने फुटणारा घाम सांगावा. चलाख मूल लगेच विचारतं, की चार आक्षेपांना वेगवेगळे दाखले कशाला, एकाच दाखल्यात चारही बसवून दाखवा. वसुबंधू तेही करतो, नरकाचा दाखला देऊन. तिथले यमदूत सगळ्यांना दिसतात, ठरावीक जागी, ठरावीक वेळी, आणि पीडाही देतात. पण नरक न मानणाऱ्याला हा दाखला चालत नाही. रकान्यापुढे प्रश्नचिन्ह ठेवावं, पुसू नये.

आता काडेपेट्या. तासातला सगळ्यात कसदार भाग हाच, त्याला निदान पंचवीस मिनिटं द्यावीत. एक पेटी मधे धरून तिच्या सहा बाजूंना सहा पेट्या गोंदाने चिकटवायच्या: पूर्व, पश्चिम, उत्तर, दक्षिण, वर, खाली. भरलेल्या पेट्या जड होऊन खालची निसटते, म्हणून रिकाम्याच घ्याव्यात, आणि आदल्या दिवशी चिकटवून ठेवाव्यात. मधली पेटी म्हणजे परमाणू, ज्याला भागच नाहीत असं मानलेला. मग विचारायचं: पूर्वेकडची पेटी हिला जिथे चिकटली, तिथेच पश्चिमेकडची चिकटली का? नाही म्हणाल, तर मधलीला सहा भाग झाले, मग ती परमाणू कसली? हो म्हणाल, तर सहाही एकाच जागी आल्या, आणि सात पेट्यांचा गोळा एका पेटीएवढाच राहिला. असल्या परमाणूंचा बालाघाटाचा डोंगर कधी उभा राहील?

मग खिडक्या लावून कंदील पेट्यांच्याच उंचीवर एका बाजूला ठेवायचा. एक बाजू उजळते, दुसरीकडे सावली पडते. ज्याला बाजूच नाही त्याची सावली कुठून पडेल? कंदील वर टांगला तर सावली बुडाखाली जाते आणि मुद्दा हातचा जातो.

इथे दोन चुका ठरलेल्या. मुलं म्हणतात, अणूत इलेक्ट्रॉन-प्रोटॉन असतात हे आम्हाला ठाऊकच आहे. पण वसुबंधूचा वाद रसायनशास्त्रातल्या अणूशी नाही. निरवयव, म्हणजे भाग नसलेला, परमाणू मानणारे वैशेषिक दर्शनाचे लोक आणि काश्मीरचे वैभाषिक पंथाचे बौद्ध यांच्याशी आहे. दुसरी चूक शिक्षकाची: परमाणू मोडला म्हणजे मनच उरलं, असं सांगून मोकळं होणं. पदार्थ अनंत भागांत तुटत जातो, असं कुणी म्हटलं तर? ती वाट या दोन प्रश्नांनी बंद होत नाही, आणि ते वर्गात कबूल केलं पाहिजे.

‘सगळे मनाचे खेळ, मनात आणलं की मिळतं’ हा अर्थ कुणी काढला तर आलयविज्ञान समजावून सांगावं. पाच इंद्रियांची जाणीव, सहावं मनोविज्ञान, सातवं ‘मी-मी’ म्हणणारं क्लिष्ट मन, आणि आठवं आलय, म्हणजे बियाण्याची कणगी. प्रत्येक कृती तिथे बीज टाकते. बीज आहे म्हणून लगेच उगवत नाही, वाफसा यावा लागतो. आणि तूर पेरून ज्वारी मागता येत नाही. जग मनाचं आहे म्हणजे मर्जीचं आहे, असं या मतात कुठेही नाही.

शंकराचार्यांचा प्रतिवाद शेवटच्या दहा मिनिटांत येतो, ब्रह्मसूत्र 2.2.28 आणि 29 वरच्या भाष्यातला. वस्तू दिसते, म्हणून ती नाही म्हणता येत नाही. आणि जागेपण स्वप्नासारखं नाही, कारण स्वप्न जाग आल्यावर खोटं ठरतं. ‘बाहेर असल्यासारखं दिसतं’ असं विज्ञानवादी म्हणतो, पण बाहेर काही नसेलच तर ‘असल्यासारखं’ कशासारखं? मला हा प्रश्न परमाणूच्या प्रश्नाइतकाच भारी वाटतो. वसुबंधूच्या बाजूने मात्र एवढं आहे, की झोपेत असताना स्वप्न खोटं असल्याचं कुणालाच कळत नाही, हे त्याने आधीच म्हणून ठेवलं आहे.

वेळ उरला तर चांगदेव पासष्टी काढावी. 65 ओव्या, आणि परंपरेप्रमाणे ज्ञानदेवांचं आपेगाव पैठणहून जवळच. तिथेही परमाणू भेटतो, पण कामाला उलटा लावलेला: परमाणूंचा कितीही मेळा झाला तरी पृथ्वीचं पृथ्वीपण झाकत नाही, तसा विश्व स्फुरल्याने परमात्मा झाकला जात नाही. सोनं उणं न होता दागिना होतं, हाही दाखला तिथलाच. वसुबंधू परमाणू फोडतो, ज्ञानदेव त्याला हातही न लावता पृथ्वीकडे बोट दाखवतात. हे वाचताना पेट्यांचा गोळा टेबलावर तसाच असू द्यावा.