गोविंदरावांच्या वाटेनं पेटी: तिसरा आठवडा

मंडळी, पेटीवर तीन मिनिटांत एक राग उभा करायचा माझा प्रयोग चालू आहे; त्यातल्या या आठवड्याचे पहिले दोन दिवस दुरुस्तीतच गेले. कोल्हापूरचा पाऊस लागला की आमची पेटी, म्हणजे हार्मोनियम, रुसतेच. काळी एकमधला (म्हणजे पहिल्या काळ्या पट्टीला सा धरून येणारा) कोमल गंधार दाबला की नुसता वारा. वरची फळी काढली, तर पितळी सुराच्या जिभेखाली धाग्याएवढा कचरा. वहीचा कोरा कागद अलगद सरकवून काढला आणि सूर मोकळा झाला. तिथं पिन किंवा ब्लेड घालू नका. जिभेचं टोक खरवडलं गेलं की सूर चढतो.

आता रियाजाचं. ठरवलं होतं तसं घड्याळ लावून तीन मिनिटांत भीमपलास राग मांडतोय. ही कल्पना गोविंदराव टेंब्यांवरून सुचली. इथल्या सांगवड्यात १८८१ साली जन्मलेला हा पेटीवाला. १९११ च्या 'मानापमान' या संगीत नाटकाला चाली त्यांच्या. नाटकात वन्समोअर आला की पद वाढवायला गायक मोकळा असायचा. १९३२ मध्ये प्रभात फिल्म कंपनीनं इथंच, कोल्हापुरात, 'अयोध्येचा राजा' हा सिनेमा केला. संगीत गोविंदरावांचं आणि राजा हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांचीच! पार्श्वगायन अजून यायचं होतं, कॅमेऱ्यासमोर स्वतःच गायचं. हजार फुटांचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालतं, त्यातच कथाही पुढं न्यायची, म्हणजे गाण्याला उरणार तीनेक मिनिटं. मग रागाला जागा कुठली?

पहिल्या आठवड्यात माझी तीन मिनिटं आलापातच संपली. दुसऱ्यात आलाप गाळला, थेट मुखडा धरला; चाल राहिली, भीमपलास गेला. फार वाईट वाटलं.

परवा रात्री जमलं. काळी एकला षड्ज धरला की मध्यम काळ्या पट्टीवर येतो आणि कोमल गंधार त्याच्या खालची एक पांढरी सोडून पुढच्या पांढरीवर. मध्यमावर बोट ठेवायचं, भाता किंचित सैल सोडायचा आणि तेच बोट घसरवत गंधारावर आणायचं. पेटीत मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता सरकणं, नाही, पण कानाला मींडेचा भास होतो. मंद्र कोमल निषाद, सा, मध्यम, मग ही घसर. चार सुरांत अख्खा राग उभा राहिला! अंगावर काटा आला.

माझं मत सांगतो. गोविंदराव सिनेमात कमी पडले नाहीत, त्याचं मूळ पेटीत आहे. भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयाला साथ करताना तुटक पट्ट्यांतून गळ्याचा भास द्यायचा, म्हणजे कुठला सूर रागाचा प्राण आहे हे बोटांना आधी कळावं लागतं. तीच नजर तीन मिनिटांच्या गाण्याला लागते. कोल्हापूरच्या देवल क्लब या संगीतसंस्थेतल्या मैफली ज्यांनी कधी ऐकल्या नाहीत, त्यांच्याही कानात राग पोचला तो असा.

अंतरा अजून कच्चा आहे. तार षड्जावर दम टिकत नाही, भात्याच्या उजव्या घडीतून वारा जातोय. रविवारी चामड्याची पट्टी चिकटवतो. कुणी सरस वापरला असेल तर पावसात तो किती टिकतो, ते कळवा.