ही परवानगी तुम्हाला कोणी दिली?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितेय. चिपळूणला मी कॉम्प्युटरचे वर्ग घेते. मुलांना सोडायला येणारे पालक विचारतात, गणपतीला घरी जमलेले नातेवाईक विचारतात: ‘गेमच्या मशीनमध्ये तुम्ही स्वतःचे प्रोग्राम घालता, वेबसाइटवरच्या आलेखाच्या मागे शिरून आकडे काढता. ही परवानगी तुम्हाला कोणी दिली?’ प्रश्न रास्त आहे, त्याचं उत्तर वरवरचं देऊन चालणार नाही.

माझं पहिलं मशीन म्हणजे निन्टेन्डो कंपनीचं वी, टीव्हीला जोडून गेम खेळायचं. मावसभावाने ते मुंबईहून गणपतीला येताना आणलं होतं, बंद पडलेलं. डिस्क आत घ्यायचं, जरा फिरवायचं आणि बाहेर टाकायचं. बाकी सगळं ठणठणीत होतं. घरात सगळे म्हणाले, भंगारात दे.

वी २००६ साली बाजारात आलं. त्यावर कंपनीने मंजूर केलेलेच प्रोग्राम चालावेत अशी रचना होती. २००८ मध्ये काही जणांनी त्यात वाट शोधली. झेल्डा मालिकेतल्या एका गेममध्ये नायकाच्या घोड्याला नाव देता येतं. साठवलेल्या गेमच्या फाईलमध्ये ते नाव ठरलेल्या जागेत मावणार नाही इतकं लांब लिहिलं, की जास्तीची अक्षरं मेमरीत पुढे सांडतात आणि मशीन त्यांनाच हुकूम समजून पाळू लागतं. पण त्यासाठी गेमची डिस्क चालायला हवी, आणि माझं तर तेच मोडलेलं. २०११ साली निघालेली ‘लेटरबॉम्ब’ ही युक्ती माझ्या कामी आली. मशीनचा नेटवर्क पत्ता दिला की त्या एकाच मशीनसाठी एक पत्र तयार होतं. ते एसडी कार्डावर ठेवायचं आणि वीच्या संदेशफलकावर जाऊन उघडायचं. लाल बॉम्बचं चित्र असलेलं ते पाकीट मला आजच्या पानावर दिसेना. शेवटी कालच्या पानावर सापडलं.

त्यातून बसवलं होमब्रू चॅनेल. होमब्रू म्हणजे घरी केलेलं, कंपनीच्या शिक्क्याशिवायचं. हे चॅनेल म्हणजे नुसता लोडर: कार्डावरच्या ‘अ‍ॅप्स’ फोल्डरमध्ये जे प्रोग्राम ठेवाल त्यांची यादी दाखवतो, निवडलेला सुरू करतो. मात्र मी पहिलं काम केलं ते मशीनच्या ५१२ एमबी अंतर्गत मेमरीची पूर्ण प्रत काढून ठेवण्याचं. असा प्रोग्राम मशीनच्या थेट पोटात हात घालू शकतो. लिहिणाऱ्याची चूक झाली तर मशीन कायमचं आडवं होतं.

माझा पहिला प्रोग्राम भरतीचा. आमच्याकडे आजोबांच्या पिढीला घड्याळाआधी तिथी कळायची. शुद्ध असो की वद्य, तिथीची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता पूर्ण भरती. अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ. रोज पाऊण तास पुढे. खाडीत आत जावं तसा उशीर वाढतो, तो ज्याने त्याने आपल्या गावापुरता धरायचा. तिथी निवडली की भरती-ओहोटीच्या वेळा टीव्हीवर याव्यात एवढंच मला हवं होतं. तयार अक्षरसंचात देवनागरी नव्हती, म्हणून ‘भरती’ हा शब्द मी चित्र म्हणून काढला. भंगारात निघालेल्या मशीनवर तो शब्द उमटला तेव्हा आजोबा खुर्ची पुढे ओढून बसले. म्हणाले, ‘बंदराचा उशीर घातलास का?’ तो घातला नव्हता. त्याच रात्री घातला.

आता कायद्याचं. २०१२ च्या दुरुस्तीने आपल्या कॉपीराइट कायद्यात कलम ६५ क आलं, इंग्रजीत ज्याला पासष्ट-ए म्हणतात. हक्कांच्या रक्षणासाठी बसवलेलं तांत्रिक कुलूप हक्कभंगाच्या हेतूने तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. माझ्या मते यात ‘हेतू’ हा शब्द सगळ्यात मोलाचा आहे. स्वतःच्या मशीनवर स्वतःचा प्रोग्राम चालवणं आणि दुसऱ्याच्या गेमची फुकट प्रत चालवणं या दोन गोष्टी एकच वाट वापरतात, पण त्या एक नाहीत. ‘मॅडम, कार्डात गेम भरून द्या’ म्हणणाऱ्यांना मी नाही म्हणते, ओळखीच्यांनासुद्धा. मेहनत करून गेम बनवणारा माणूस मला दिसत नसला तरी असतो.

आलेखांकडे मी वळले ती पावसामुळे. २२ जुलै २०२१ चा पूर ज्यांनी पाहिला त्यांना आमची वाशिष्ठी नदी म्हटलं की अजून झोप लागत नाही. नंतरच्या एका पावसाळ्यात मी नदीची पातळी दाखवणारं एक पान रात्री उघडून बसले होते. दोन ते सहा वाजेपर्यंत संथ, सरळ रेघ. बाहेर पत्रे फुटतील असा पाऊस आणि रेघ मात्र तिरकी, शांत. माझा विश्वास बसेना.

एफ-१२ दाबलं, म्हणजे पानामागे काय चाललंय ते दाखवणारी ब्राउझरची खिडकी उघडली, तिच्यात ‘नेटवर्क’ निवडलं, पान पुन्हा लोड केलं. असं पान आलेखाचं चित्र मागवत नाही, आकडे मागवतं आणि चित्र तुमच्या ब्राउझरमध्ये काढतं. आलेले आकडे जेसन नावाच्या साध्या मांडणीत वाचता येतात. दोनचा आकडा होता, सहाचा होता, मधल्या सगळ्या जागी ‘नल’. नल म्हणजे शून्य नव्हे, मोजलंच नाही. यंत्र चार तास मुकं होतं, आणि आलेख काढणाऱ्या कोडमध्ये ‘रिकाम्या जागा जोडा’ हा पर्याय चालू होता. कोणाच्या मनात वाईट नव्हतं. तुटक रेघ वाईट दिसते म्हणून कोणीतरी ती जोडली असेल.

मग मी एक छोटं एक्स्टेन्शन, म्हणजे ब्राउझरला जोडायचा प्रोग्राम, लिहिलं. ते पानाला आलेली उत्तरं वाचतं आणि ‘नल’ असेल त्या वेळेवर लाल ठिपका ठेवतं. त्याला परवानगी फक्त त्या एका पत्त्याची. हे मी अगदी कळकळीने सांगते, कारण ‘सर्व संकेतस्थळांवरची तुमची माहिती वाचणे आणि बदलणे’ अशी मागणी करणारी एक्स्टेन्शनं लोक न वाचता बसवतात आणि त्याच ब्राउझरमध्ये बँक उघडतात. एक्स्टेन्शनची फाईल ही मुळात झिप असते. ती उघडा, आतली मॅनिफेस्ट फाईल वाचा, काय काय मागितलंय ते पाहा. वीचं कार्ड घालताना जी धास्ती मला वाटली, तीच इथे वाटायला हवी.

तेव्हा परवानगी. मशीन माझं होतं. आकडे त्या पानाने सगळ्यांना दिलेले, माझ्या ब्राउझरमध्ये आधीच आलेले होते. मी ते नुसते वाचले. पत्त्यातला क्रमांक बदलून दुसऱ्याची नोंद उघडणं, लॉगिन चुकवून आत जाणं, हे मी करत नाही. तिथे कुलूप सैल असलं तरी घर दुसऱ्याचं असतं.

ते पान चालवणाऱ्या कार्यालयाला मी चित्रांसह मेल पाठवला. उत्तर आलं नाही, पण पुढच्या पावसाळ्यात आलेखातली रेघ तुटक दिसू लागली. एका रात्री शेजारच्या काकांचा फोन आला, ‘ताई, रेघ तुटलीय दीड वाजल्यापासून.’ मी म्हटलं, ‘म्हणजे आत्ता कोणी मोजत नाहीये, काका.’ ते म्हणाले, ‘कळलं. पुलावर जाऊन बघतो,’ आणि बॅटरी घेऊन निघाले.