काचपेटीतली चिठ्ठी

नाशिकमधील एका सार्वजनिक वाचनालयात मी ग्रंथपाल आहे. १४ जानेवारी हा दुर्गाबाई खोटे यांचा जन्मदिवस (जन्मसाल १९०५) असल्याने यंदा संक्रांतीला दर्शनी काचपेटीत त्यांचे आत्मचरित्र आणि जुन्या मासिकांतील छायाचित्रे मांडली होती. खानदानी घरातील स्त्रीने, पदरी दोन मुले आणि सासरी ओढगस्त असताना, सिनेमात काम धरणे त्या काळी केवढे धाडसाचे होते, हे सांगून पुढे मी चिठ्ठीवर लिहिले होते : ‘अयोध्येचा राजा’, १९३२. पडद्यावरची पहिली तारामती.

दुपारी आमच्या एक जुन्या सभासद, निवृत्त शिक्षिका, काचेपाशी बराच वेळ थांबल्या आणि मग त्यांनी मला बोलावले.

“आनंदीबाईने एकच अक्षर बदललं म्हणतात. तुम्ही तर अख्खा माणूस खोडलात!”

मला काही उलगडेना. तेव्हा त्यांनी सांगितले की, पहिली तारामती म्हणजे अण्णा साळुंके. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांना १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’साठी एकही स्त्री मिळाली नाही, म्हणून उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंक्यांना त्यांनी लुगडे नेसवले, पुढे ‘लंकादहन’मध्ये तर राम आणि सीता दोघेही तेच झाले. हे मला ठाऊक नव्हते असे नाही. चिठ्ठी आकर्षक करण्याच्या नादात मी ते सोयीस्करपणे विसरलो होतो, आणि आमच्या पेशात याला क्षमा नाही.

“आणि नाटक कुठंय?” त्यांचा दुसरा प्रश्न अधिक वर्मी लागला, कारण माझ्या मांडणीत ‘अमरज्योती’ होता, ‘मुघल-ए-आझम’मधील जोधाबाई होती, पण रंगभूमी औषधालाही नव्हती. लहानपणी मुंबईत वडिलांबरोबर बाईंनी साहित्य संघाचे ‘भाऊबंदकी’ पाहिले होते. नानासाहेब फाटक राघोबा आणि दुर्गाबाई आनंदीबाई. कथानक फारसे कळले नव्हते, परंतु दुर्गाबाई नुसत्या मान वळवून पाहत तेव्हा अंगावर काटा येई, एवढे त्यांना अजून आठवत होते. लग्नानंतर नाशकात आल्यावर गंगापूर रस्त्याने जाताना आनंदवल्ली, म्हणजे राघोबादादांच्या वाड्याचे गाव, लागले की त्यांना खरी आनंदीबाई आठवत नसे, दुर्गाबाईच दिसत. आपल्या तात्यासाहेब शिरवाडकरांनी ‘मॅकबेथ’वरून केलेल्या ‘राजमुकुट’मध्येही त्याच होत्या, हे त्यांनी जाता जाता सुनावले.

संध्याकाळी मी चिठ्ठी नव्याने लिहिली. साळुंक्यांचे नाव वर घातले, दोन्ही नाटके घेतली आणि फाळक्यांच्याच नावाचा पुरस्कार १९८३ साली या तारामतीला मिळाला, हे शेवटी जोडले.

दुसऱ्या दिवशी बाईंनी ती चष्मा पुसून दोनदा वाचली, बरी आहे म्हणाल्या आणि खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’ची प्रत मागितली. ती तळघरातल्या कपाटात सापडली. पाठीमागच्या पट्टीवर शेवटची तारीख २००९ ची होती.