पाच खेळाडूंचा नियम आणि कव्हेंट्रीचा करंडक: ईएफएल ट्रॉफी 2016-17

लीग वन आणि लीग टू म्हणजे इंग्लिश फुटबॉलची तिसरी आणि चौथी पायरी. दोन्हींत मिळून 48 क्लब. सगळ्या श्रेणींतल्या क्लबांच्या एफए कपमध्ये यातले बहुतेक क्लब जानेवारीपर्यंत बाहेर पडलेले असतात, आणि उरलेल्यांसमोर पुढे प्रीमियर लीगवाले येतात. ईएफएल (इंग्लिश फुटबॉल लीग) ट्रॉफी ही या क्लबांची स्वतःची स्पर्धा. 1983-84 मध्ये ती सुरू झाली, प्रायोजक बदलला की तिचं नाव बदलत राहिलं, पण एक गोष्ट बहुतेक काळ कायम राहिली: आपल्याच तोलामोलाच्या संघांना हरवत गेलं की शेवटी वेम्बली, म्हणजे लंडनमधलं राष्ट्रीय मैदान. छोट्या गावातल्या क्लबासाठी ही फार मोठी गोष्ट आहे. 1988 च्या अंतिम सामन्यात वुल्व्ह्ज आणि बर्नली हे दोन्ही संघ चौथ्या श्रेणीतले होते आणि वेम्बलीत 80,841 लोक होते.

म्हणूनच 2016-17 चा हंगाम नीट समजून घ्यावा असा आहे. त्या एका वर्षात स्पर्धेचा सांगाडाच बदलला, आणि बदल कुठे फसला हे आकड्यांत आणि संघाच्या यादीत स्पष्ट दिसतं.

2015-16 पर्यंत ही सरळ बाद फेरीची स्पर्धा होती. 48 क्लबांचे उत्तर आणि दक्षिण असे 24-24 चे दोन भाग. 24 ही संख्या बाद फेरीला सोयीची नाही, म्हणून प्रत्येक भागात 8 संघांना पहिल्या फेरीत पुढे चाल मिळायची, उरलेले 16 खेळायचे, आणि दुसऱ्या फेरीला बरोबर 16 संघ हाती यायचे. विभागाची अंतिम लढत तेवढी दोन सामन्यांची, एक घरी आणि एक बाहेर. सगळे मिळून 49 सामने. करंडक जिंकायला सात सामने, पुढे चाल मिळाली असेल तर सहाच. आणि या स्पर्धेच्या मंगळवारच्या सामन्यात एकदा हरलात की स्पर्धा संपली.

2016-17 मध्ये 48 क्लबांच्या जोडीला मोठ्या क्लबांच्या पहिल्या दर्जाच्या 16 अकादम्यांचे (प्रशिक्षण केंद्रांचे) तरुण संघ आणले गेले. 64 संघ, चार-चारचे 16 गट, प्रत्येक गटात तीन लीग क्लब आणि एक अकादमी. गटात प्रत्येकाशी एकदाच सामना. म्हणजे गटसाखळीचेच 96 सामने. प्रत्येक गटातले पहिले दोन पुढे, मग 32 संघांची बाद फेरी, तिचे 31 सामने. एकूण 127. करंडक उचलायला आता आठ सामने, आणि अगदी वाईट खेळलेल्या क्लबालाही किमान तीन.

गटाचं गणित मात्र खरंच छान आहे. विजयाला 3 गुण. बरोबरी झाली तर दोघांना एकेक, आणि लगेच पेनल्टी शूटआउट; तो जिंकणाऱ्याला आणखी एक. म्हणजे सामना कसाही संपो, त्यातून 3 गुणच वाटले जातात. गटात सहा सामने, म्हणून प्रत्येक गटात नेमके 18 गुण. एवढं लक्षात ठेवलं की तक्ता वाचणं सोपं जातं. 7 गुण झाले की संघ पुढे गेलाच, कारण तीन संघांना प्रत्येकी 7 मिळायचे तर 21 गुण लागतील. 6 गुणांवर मात्र निर्धास्त राहता येत नाही: तीन संघांनी चौथ्याला हरवलं आणि एकमेकांना फिरवून हरवलं तर तिघेही 6 वर येतात आणि एक जण दोन सामने जिंकूनही गोलफरकावर बाहेर पडतो. उलट टोकाला, पहिल्या संघाने तिन्ही सामने जिंकून 9 नेले तर उरलेले 9 गुण तिघांत 3-3-3 असे वाटले जाऊ शकतात, आणि केवळ 3 गुणांवर दुसरा क्रमांक मिळतो. शूटआउटमधले गोल गोलफरकात धरत नाहीत, म्हणून अशा गटात 90 मिनिटांतला शेवटचा एक गोल फार मोलाचा असतो. 0-3 ने मागे असलेल्या संघाने 85 व्या मिनिटाला जीव तोडून धावावं, याला इथे खरं कारण आहे.

पण बाद फेरीचा धाक गेला तो गेलाच. पहिला सामना हरून चालतं, हे एकदा कळलं की ऑगस्टमधल्या सामन्याला कोण येणार? त्यात अनेक क्लबांच्या चाहत्यांनी स्पर्धेवर बहिष्कार टाकला. मोठ्या क्लबांचे राखीव संघ एक दिवस लीगमध्येच घुसवले जातील, अशी त्यांची भीती होती आणि ती रास्त होती. ज्या बड्या नावांमुळे गर्दी वाढेल असं वाटत होतं, त्यातल्या आर्सेनल, लिव्हरपूल, टॉटनहॅम, मँचेस्टर सिटी आणि मँचेस्टर युनायटेड यांनी निमंत्रण नाकारलं. मग जागा भरायला दुसऱ्या श्रेणीतल्या क्लबांच्या अकादम्यांनाही बोलवावं लागलं.

खरी गोची झाली ती संघनिवडीच्या नियमाची. लीग क्लबांनी पहिल्या अकरात किमान पाच ‘पहिल्या संघातले’ खेळाडू उतरवायचे. असा खेळाडू कोण? ज्याने आधीच्या किंवा नंतरच्या सामन्यात सुरुवात केली तो, किंवा त्या हंगामात क्लबासाठी सर्वाधिक सामन्यांत सुरुवात केलेल्या दहांतला एक. अकादम्यांना उलटी अट: पहिल्या अकरात किमान सहा जण 21 वर्षांखालचे. म्हणजे चेल्सीने तरुण पोरं खेळवायची आणि लीग टूच्या क्लबाने तशीच पोरं खेळवली तर दंड भरायचा.

या नियमातली फट सर्वांत स्पष्ट दिसली नोव्हेंबर 2016 मध्ये, ब्रॅडफर्ड विरुद्ध बरी या दोन क्लबांच्या सामन्यात. नियम बघायचा फक्त सुरुवातीचे अकरा. मैदानात किती वेळ राहायचं याबद्दल तो काहीच म्हणत नव्हता. ब्रॅडफर्डने पहिल्या पसंतीचा गोलकीपर कॉलिन डॉयल उतरवला, पाचाचा आकडा भरला, आणि तिसऱ्या मिनिटाला त्याला बाहेर बोलावून राखीव गोलकीपर रूवेन झाटेलमायरला आत पाठवलं. ना दुखापत, ना लाल कार्ड. मॅनेजरने आपला मुख्य गोलकीपर जपला, एवढंच. मॅनेजरचं यात काही चुकलं असं मला वाटत नाही. गोलकीपरच्या जागी कोणीही खेळला तरी चालेल, असं नियमात आधीच असायला हवं होतं.

ज्यांनी असा बदल न करता सरळ तरुण खेळाडू उतरवले, त्यांना दंड झाला. सर्वांत मोठा दंड, प्रत्येकी 15,000 पौंड, ल्यूटन आणि पोर्ट्समथला. ल्यूटनचं पुढे काय झालं? तोच क्लब उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला आणि ऑक्सफर्डकडून 3-2 असा थोडक्यात हरला. ‘कमकुवत संघ’ म्हणून ज्यांच्यामुळे दंड बसला, ती पोरं अजिबात कमकुवत नव्हती. स्पर्धा तरुण इंग्लिश खेळाडूंसाठी बदलतो आहोत असं सांगायचं आणि त्यांना खेळवणाऱ्या क्लबाकडून पैसे वसूल करायचे, हे मला आजही पटत नाही.

दुसऱ्या उपांत्य सामन्यात कव्हेंट्रीने वायकमला 2-1 असं हरवलं. कव्हेंट्री त्या वर्षी लीग वनच्या तळाशी होती, मालकांविरुद्ध चाहत्यांची निदर्शनं चालू होती, आणि मार्चमध्ये मार्क रॉबिन्स मॅनेजर म्हणून परत आले होते. 1987 मध्ये टॉटनहॅमला 3-2 असं हरवून एफए कप जिंकलेला हा क्लब. त्या वर्षानंतर वेम्बलीवर पाऊलही ठेवता आलं नव्हतं. अंतिम सामन्यात समोर ऑक्सफर्ड, आदल्या वर्षीच याच सामन्यात बार्न्सलीकडून 3-2 ने हरलेला.

2 एप्रिल 2017. प्रेक्षक 74,434. गटसाखळीच्या रिकाम्या स्टँडनंतर हा आकडा वाचताना भरून येतं. गेल बिगिरिमानाने सुरुवातीलाच गोल केला, दुसऱ्या हाफमध्ये जॉर्ज थॉमसने दुसरा. ऑक्सफर्डच्या लिअम सर्कमने एक परत केला, पण तेवढाच. 2-1. त्याच महिन्यात कव्हेंट्रीची लीग टूमध्ये घसरण नक्की झाली. वर्षभराने, मे 2018 मध्ये, तो संघ पुन्हा वेम्बलीवर आला, एक्झेटरला 3-1 असं हरवून लीग वनमध्ये परतला.

2017-18 साठी अकादम्या राहिल्या, गट राहिले, पण निवडीचा नियम सैल झाला. पाचाचे चार झाले, आणि गोलकीपर मोजणीतून वगळला गेला. कारकिर्दीत पहिल्या संघाचे 40 किंवा जास्त सामने खेळलेला मैदानी खेळाडूही पात्र धरला जाऊ लागला. दुखापतीतून परतणारा अनुभवी बचावपटू आणि तीन नेहमीचे खेळाडू, एवढ्यावर अट पूर्ण होते आणि उरलेल्या सहा मैदानी जागा पोरांना देता येतात. आता मंगळवारची यादी हातात आली की आधी ते चार जण शोधायचे. मॅनेजरच्या डोक्यात शनिवारचा लीग सामना आहे की वेम्बली, ते उरलेल्या सहा नावांवरून कळतं.