आहुप्यातला मे महिना

घोडेगाव सोडलं, डिंभे धरणाचं पाणी मागे पडलं की रस्ता चढत चढत सह्याद्रीच्या कड्यापर्यंत जातो. तिथे आंबेगाव तालुक्यातलं आहुपे. पुणे जिल्हा इथे संपतो. कड्याखाली ठाणे जिल्ह्यातलं मुरबाड, समोर गोरखगड आणि मच्छिंद्रगडाचे सुळके. पावसाळ्यात धबधब्यांसाठी पुण्यामुंबईची गर्दी होते. मला गावाचं रोजचं काम बघायचं होतं, म्हणून मुद्दाम उन्हाळ्यात गेलो.

वस्ती बहुतेक महादेव कोळ्यांची. उतरलो त्या घराच्या अंगणात हिरडा वाळत होता. कोवळेपणीच तोडलेला हा बाळहिरडा वाळून काळा पडतो आणि औषधांसाठी विकला जातो. "आठळी धरायच्या आत तोडावा लागतो, नाहीतर भाव नाही," मावशी हिरडा पायाने परतत म्हणाल्या. भात घरी खायला, रोख पैसा हिरड्याचा, असा इथला हिशोब.

पण मे महिन्याचं खरं काम राबाचं, म्हणजे भाताच्या रोपांसाठी जमीन भाजण्याचं. खाचराच्या एका तुकड्यावर शेण, ऐनाच्या तोडलेल्या फांद्या, पालापाचोळा, गवत असे थर रचायचे, वर बारीक माती पसरायची आणि वाऱ्याच्या उलट बाजूने पेटवायचं. आग सावकाश सरकली पाहिजे, तरच जमीन नीट भाजते, तणाचं बी मरतं. पावसाच्या तोंडावर त्याच राखेत भात पेरायचं आणि रोप तयार झालं की चिखलात आवणी, म्हणजे लावणी. नाचणी-वरईची रोपंही अशीच करतात. राबाच्या धुराला नावं ठेवणारे पुष्कळ भेटतात. फांद्या कुठल्या झाडाच्या, किती तोडायच्या, झाड पुन्हा कसं फुटेल, हे या माणसांकडून ऐकल्यावर मला तरी ती नावं ठेवणं उथळ वाटलं.

पाण्याचे हाल मात्र बघवत नाहीत. एवढा पाऊस पडतो, पण कातळ पाणी धरत नाही. घोड नदी याच डोंगरांत उगम पावते आणि मे महिन्यात इथल्या बायका डोक्यावर हंडे वाहतात. हे बदललंच पाहिजे.

दुपारी देवराईत गेलो. बाहेर रणरणतं ऊन होतं, आत मात्र गारवा. सरपणाची आणि राबाची एवढी गरज, तरी इथे वाळकी काटकीही पडलेली तशीच. मी मावशींना विचारलं, इथून का नाही नेत? त्या म्हणाल्या, "ती देवाची आहे. आपली झाडं बांधावर हायेत की."