टेपच्या आतला जोड

टेप वायरीचा जोड धरत नाही, नुसता झाकते. आत तांब्याला तांबं घट्ट भिडलं नसेल तर तिथं रोध वाढतो. २ किलोवॅटचा गिझर साधारण ९ अँपिअर ओढतो, जोडात ०.१ ओहम रोध असला तरी पेरभर जागेत ८ वॅट उष्णता. प्रवाह वाढलेलाच नसतो, म्हणून एमसीबी (प्रवाह जादा झाला की आपोआप पडणारा स्विच) पडत नाही. टेपचा डिंक पाझरतो, मग पीव्हीसी काळवंडते, आणि वास आला की घरातले आधी बोर्डाकडं बघतात.

काम काढताना मेनबरोबर इन्व्हर्टरही बंद करा. बंद करण्याआधी टेस्टर चालू पॉइंटवर पेटतोय का बघा, बंद केल्यावर मग वायरीला लावा.

सोल्डर करायचं, म्हणजे कथील-शिसं वितळवून जोडायचं, तर पीळ आधी पक्का हवा. २.५ चौरस मिमीच्या वायरीचं साल ४ सेंमी सोला, एकही तार कापू नका. दोन्ही टोकं एकमेकांवर ओलांडून प्रत्येकाचे ५-६ वेढे दुसऱ्यावर पकडीनं आवळा. रेडिओवाल्याची २५ वॅटची सोल्डरिंगची इस्त्री इथं पुरत नाही, ६० वॅटची घ्या. इस्त्रीनं तांबं तापवा आणि ६०/४० सोल्डर (६० टक्के कथील, ४० टक्के शिसं) तांब्यालाच टेकवा; ते आपोआप आत ओढलं जातं. गोळा होऊन वर बसलं तर जोड थंड राहिला. पत्र्याच्या कामाचं आम्ल नको, ते तांबं खातं, रोझिनच (राळ) वापरा. स्क्रूखाली जाणारं टोक मात्र सोल्डरनं भरू नका. दाबाखाली सोल्डर हळूहळू सरकतं आणि स्क्रू सैल होतो. तिथं लग (टोकाला दाबून बसवायची धातूची पट्टी) किंवा फेरूल (तशीच छोटी नळी) लावा.

सोल्डरशिवाय म्हणजे क्रिम्प, धातूची नळी (स्लीव्ह) वायरीवर चेपून केलेला जोड. घरासाठी मला हाच जास्त पसंत आहे. वायरीच्याच मापाची स्लीव्ह आणि क्रिम्पिंगची पक्कड हवी. साध्या पकडीनं चेपलेली नळी काही दिवसांत हलते. जोरात ओढून बघा. जोड जंक्शन बॉक्समध्येच ठेवा, पाइपात कधीच नाही.

अॅल्युमिनियमची सर्व्हिस वायर तांब्याला नुसती पिळू नका. बेळगावकडच्या कणकुंबी-जांबोटीच्या पावसात ओल शिरली की अॅल्युमिनियम झिजतं. बायमेटल लगच (एका बाजूला अॅल्युमिनियम, दुसऱ्या बाजूला तांबं असलेली) लावा.

खरी परीक्षा बोअरच्या मोटारीची. तिन्ही फेजचे जोड एका रेषेत घेऊ नका, एकमेकांपासून ८-१० सेंमी पुढं-मागं ठेवा. हीट-श्रिंक (तापवली की आवळणारी नळी) वापरणार असाल तर नळी जोडण्याआधीच वायरीत ओवा आणि इस्त्रीपासून लांब सरकवा, नाहीतर भलत्याच जागी आवळते. टेपच असेल तर आधी स्वतःलाच चिकटणारी रबर टेप ताणून, अर्ध्यावर अर्धा वेढा. तिच्यावर पीव्हीसी टेपचे तीन थर. जोड काही तास बादलीत बुडवून ५०० व्होल्टचा मेगर (इन्सुलेशनचा रोध मोजणारं यंत्र) लावा. १ मेगाओमच्या खाली आला तर उघडा. एकदा खाली सोडला की पाइपासकट सगळं वर ओढावं लागतं. केबल दर ३ मीटरला पाइपाला बांधा आणि जोडाजवळ थोडी ढील ठेवा, म्हणजे केबलचं वजन त्याच्यावर येत नाही.