वाचलं

ताईचं उत्तर आलं, 'वाचलं.' एवढंच. पुढे पूर्णविराम. ताई एरवी पूर्णविराम देत नाही, तिचं एक वाक्य संपता संपत नाही.

दुपारपासून तेच डोक्यात आहे. मी पाठवलं तरी काय होतं? 'जे आपल्या हातात नाही, त्याचं ओझं वाहू नये.' मागे उगवता सूर्य होता, तो मी निवडला नव्हता, आयताच आला. सकाळी वाचून मलाच बरं वाटलं म्हणून पुढे ढकललं. काय वाईट केलं? निदान आठवण तरी ठेवली. बाकीच्यांनी तेवढंही केलं नाही, आणि पूर्णविराम मात्र माझ्या वाट्याला. हे नेहमीचंच. आईच्या वेळेलासुद्धा... जाऊ दे.

पण 'वाचलं' म्हणजे नक्की काय? कळलं? बघितलं, आता पुरे? त्या टिंबाच्या जागी मात्रा पडली असती, तर 'वाचले' झालं असतं. मग मी नाचलेच असते.

विचार मुळात एपिक्टेटस या जुन्या ग्रीक तत्त्वज्ञाचा. माझ्या वहीत लाल शाईने उतरवलेला आहे. काय आपल्या ताब्यात आहे आणि काय नाही, हे आधी वेगळं करा, असं तो सांगायचा. सांगायचाच, कारण त्याने स्वतः काही लिहून ठेवलं नाही, शिष्य एरियनने टिपून घेतलं. आणि सांगणारा कोण, तर गुलामगिरीत दिवस काढलेला माणूस. हातात काही नसणं म्हणजे काय, हे त्याला कुणी चित्रावर लिहून पाठवलेलं नव्हतं. शिवाय ऐकायला लोक आपणहून त्याच्याकडे जायचे. ताई माझ्याकडे आली नव्हती. मी लोळत पडून, अंगठ्याने, तिला शहाणपण पोचवलं. तेही या आठवड्यात.

वही चाळत बसले मग. मार्कस ऑरेलियस सापडला. 161 ते 180 रोमचा सम्राट, एपिक्टेटसच्या विचारांवर पोसलेला. साऱ्या साम्राज्याला उपदेश करायची सोय होती, तरी लिहिलं ते स्वतःला बजावायला. एके ठिकाणी तर सकाळी अंथरुणातून निघवत नाही म्हणून बिचारा स्वतःचीच समजूत काढतोय. (हे वाचलं की मला फार बरं वाटतं.) आणि आपल्याकडे 'मनाचे श्लोक' 205, हाक कुणाला? मना. थोरल्या बहिणीला नाही.

'लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण' हीसुद्धा वहीत आहे. चौथ्याच पानावर, माझ्याच अक्षरात, दोनदा अधोरेखित. तेव्हा कुणाला उद्देशून केली होती, तेही आठवलं. आज लिहिण्यासारखं नाही.

मघाशी तीच ओळ, सूर्यासकट, स्वतःच्या नंबरवर पाठवून पाहिली. दिवसभर या पूर्णविरामाचं ओझं वाहून झाल्यावर ती कशी लागते, ते बघावं म्हणून. खरं सांगू, चीड आली. उत्तर द्यायचंच झालं असतं, तर मीही 'वाचलं'च्या पुढे गेले नसते.

ताईचं उत्तर माझ्या हातात नाही, मान्य. फोन आहे ना पण. पावणेबाराला पुन्हा उघडला. ती टाइप करतेय असं दिसलं. मग दिसेनासं झालं.